रुमाल सोडणारा माणूस

बँकेच्या नोकरीत माणसाला दोन गोष्टींची सवय लागते. एक बदलीची आणि दुसरी कागद पारखण्याची. सही खरी की खोटी, खाडाखोड आहे का, शिक्का जागेवर आहे का, तारीख जुळते का, हे पाहण्यात माझी पस्तीस-छत्तीस वर्षे गेली. निवृत्तीनंतर लोक विचारतात, की कादंबऱ्या लिहिणारा माणूस बँकेत रमला कसा? त्यांना काय सांगावे! प्रत्येक कर्जप्रकरण ही एक न लिहिलेली कादंबरीच असते, आणि ती वाचायची तर आधी कागद वाचता यावा लागतो.

ही गोष्ट मला ज्यांच्यामुळे उमगली, ते गृहस्थ माझ्या जन्माच्या कितीतरी आधी वारले होते. त्यांची माझी गाठ पडली धुळ्यात, १९८९ साली. बदली नुकतीच झाली होती. कुटुंब मागे राहिले होते, खोली भाड्याची होती आणि खाणावळ रविवारी संध्याकाळी बंद. अशा एका रिकाम्या रविवारी पाय नेतील तिकडे भटकताना राजवाडे संशोधन मंडळाची पाटी दिसली. पुढे कुणाची तरी ओळख काढून आत गेलो. कपाटांतून कापडात बांधलेले रुमाल ठेवलेले होते. जुन्या कागदाचा तो वास मला ओळखीचा होता. आमच्या शाखेच्या रेकॉर्ड रूममध्ये तोच वास यायचा. फरक एवढाच, की आमच्याकडचे कागद ठरावीक वर्षे उलटली की नियमाने लगद्याला जात, आणि इथले कागद कुणीतरी लगद्यापासून वाचवून आणलेले होते.

तो कुणीतरी म्हणजे विश्वनाथ काशिनाथ राजवाडे. शाळेत इतिहासाचार्य राजवाडे एवढे नाव आपण सगळ्यांनीच पाठ केलेले असते. त्या पदवीमागचा माणूस मात्र फारसा कुणी भेटवत नाही.

राजवाडे जन्मले १८६३ साली, तेव्हाच्या कुलाबा आणि आजच्या रायगड जिल्ह्यातील वरसई येथे. वडिलांचे छत्र लहानपणीच हरपले. शिक्षण पुण्यात झाले. वडील बंधू वैजनाथ पुढे नामवंत प्राध्यापक झाले, यास्काच्या निरुक्तावर त्यांनी मोठे काम केले. विश्वनाथाचे मात्र शिक्षणाशी कधी सरळ जमले नाही. नेमलेली पुस्तके बाजूला ठेवून न नेमलेली वाचायची, हा त्यांचा खाक्या. त्यामुळे पदवी हाती पडायला १८९० च्या आसपासचा काळ उजाडला. आपल्या शाळा-कॉलेजांतून काय शिकायला मिळाले आणि काय मिळाले नाही, याचा त्यांनी पुढे एका लेखात जो हिशेब मांडला, तो वाचताना आजच्या पालकांनाही घाम फुटेल.

काही काळ त्यांनी शिक्षकाची नोकरी केली आणि सोडली. ऐन उमेदीत पत्नी गेली. दुसरे लग्न करण्याची तेव्हाची सर्रास रीत होती, पण त्यांनी केले नाही. प्लेटोचा ग्रंथ मराठीत आणला, जगातले उत्तम ग्रंथ मराठी वाचकाला मिळावेत म्हणून ‘भाषांतर’ नावाचे मासिक काढले. ते फार काळ चालले नाही. इंग्रजी उत्तम येत असूनही लिहायचे ते मराठीतच, हा निश्चय मात्र त्यांनी शेवटपर्यंत पाळला. इंग्रजीत लिहिले असते तर त्यांचे नाव जगभर झाले असते असे त्यांना सांगणारे होतेच. पण ज्यांचा इतिहास, त्यांना तो त्यांच्या भाषेत वाचता आला पाहिजे, हे त्यांचे साधे गणित होते.

त्या काळी मराठ्यांचा इतिहास म्हणजे ग्रँट डफचा इतिहास. हा गृहस्थ १८१८ पासून काही वर्षे साताऱ्याला रेसिडेंट होता आणि त्याचा ग्रंथ १८२६ साली प्रसिद्ध झाला. त्याच्या चुका दाखवण्याचे काम नीलकंठ जनार्दन कीर्तने या विद्यार्थिदशेतल्या तरुणाने १८६७ च्या सुमारास सुरू केले. नंतर साने, मोडक आणि विष्णुशास्त्री चिपळूणकर यांच्या ‘काव्येतिहास-संग्रहा’ने १८७८ पासून जुन्या बखरी आणि पत्रे छापायला घेतली. राजवाडे या वाटेवरचे पहिले प्रवासी नव्हेत. पण वाटेवर घर बांधून राहिले ते तेच.

याला निमित्त झाले ते वाईला सापडलेल्या दप्तराचे. पानिपतच्या आगेमागे लिहिलेली अस्सल पत्रे राजवाड्यांच्या हाती आली. १८९८ साली त्यांनी ती ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड म्हणून प्रसिद्ध केली. सोबत एवढी लांब प्रस्तावना जोडली, की तिचेच एक पुस्तक व्हावे.

मी हा खंड पहिल्यांदा वाचला तो बँक अधिकाऱ्याच्या डोळ्यांनी. पानिपत म्हटले की आपल्याला विश्वासरावांना लागलेली गोळी आठवते, भाऊसाहेबांचा घोडा आठवतो. या पत्रांत मात्र पैसा आहे, धान्य आहे, वैरण आहे. सदाशिवरावभाऊ गोविंदपंत बुंदेल्यांना पुन्हापुन्हा लिहीत आहेत, की ऐवज पाठवा, रसद पाठवा. वाचता वाचता माझ्या डोळ्यांसमोर थकलेल्या कर्जाची फाईलच उभी राहिली. तगाद्यावर तगादा, आश्वासनावर आश्वासन आणि वसुली अपुरी. १४ जानेवारी १७६१ च्या त्या दिवसाआधी कित्येक महिने लष्कराची तिजोरी आणि कोठार कसे आटत होते, हे त्या पत्रांतून समजते. बखरीत शौर्य भेटते, पत्रात माणसे भेटतात. घटनेच्या वेळी लिहिलेला एक अस्सल चिटोरा मागाहून रचलेल्या रसाळ बखरीहून मोलाचा, हा राजवाड्यांचा आग्रह मला तिथे पटला.

त्यानंतर जवळजवळ वीस वर्षांत त्यांनी साधनांचे एकूण बावीस खंड काढले. पाठीशी सरकार नव्हते, संस्थान नव्हते, पगार नव्हता. अंगावर साधे कपडे, जेवण स्वतःच्या हातचे आणि गावोगावची वणवण. मोठमोठ्या सरदारांच्या वाड्यांत ते गेले, तसेच देशमुख, देशपांडे, कुलकर्णी यांच्या माळ्यांवरही गेले. महाराष्ट्राचा इतिहास पुण्या-साताऱ्याच्या दरबारांत जेवढा आहे तेवढाच तो खेड्यातल्या उतरंडीत, कणगीमागे आणि देवघराच्या फडताळात आहे, हे त्यांनी ओळखले होते.

पण दप्तर मिळवणे म्हणजे काय, याची आज कल्पना येणार नाही. दाराशी एक अनोळखी माणूस येतो आणि तुमच्या घरचे जुने कागद दाखवा म्हणतो. घरच्यांना पहिली शंका येते ती वतनाची. या कागदातून भाऊबंदांना काही सापडले तर? सरकारला कळले तर? हक्क जाईल, तंटा उभा राहील, त्यापेक्षा कागद नाहीतच म्हणावे. कागद आहेत आणि ते वाळवीने खाल्लेले आहेत, तरी ते दाखवायचे नाहीत! कर्जमागणीसाठी आलेले शेतकरी जमिनीचे कागद कसे छातीशी धरून बसतात, ते मी टेबलापलीकडून पाहिले आहे. त्यामुळे मला त्या घरच्या लोकांचाही राग येत नाही. कागद म्हणजे त्यांच्या पायाखालची जमीन होती.

बरे, कागद मिळाले तरी ते वाचायचे कसे? बहुतेक मोडीत. बोरू न उचलता लिहिलेली सलग ओळ, शब्द कुठे तुटतो ते वाचणाऱ्याने ठरवायचे. पुष्कळ पत्रांवर वर्षच नाही, नुसता मुसलमानी महिन्यातला चंद्र किंवा तिथी. मग मजकुरातल्या माणसांवरून, ग्रहणावरून, मोहिमेवरून वर्ष काढायचे. पुन्हा कागद अस्सल की बनावट हे शिक्क्यावरून, शाईवरून, भाषेच्या वळणावरून ठरवायचे. आम्ही नमुन्याच्या सहीशी चेकवरची सही ताडून पाहतो, तेच काम. फक्त नमुन्याची सही करणारा दोन-अडीचशे वर्षांपूर्वी गेलेला.

या कामात ते एकटेच होते असे नाही. मिरजेला वासुदेवशास्त्री खरे पटवर्धनांचे दप्तर लावीत होते, साताऱ्याला पारसनीस कागद आणि चित्रे जमवीत होते, बडोद्याला नोकरी सांभाळून सरदेसाई रियासत लिहीत होते. अशा कामाला कायमचे घर हवे म्हणून ७ जुलै १९१० रोजी सरदार खंडेराव मेहेंदळे यांच्यासह राजवाड्यांनी पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळाची स्थापना केली. ती संस्था आजही उभी आहे, आणि मराठी इतिहासाचा अभ्यास करणाऱ्याला तिची पायरी चढल्यावाचून गत्यंतर नाही.

राजवाड्यांची भूक एका विषयाने भागणारी नव्हती. बीडजवळ पाटांगण येथे मिळालेली ज्ञानेश्वरीची जुनी प्रत त्यांनी १९०९ साली छापली, तिचे व्याकरण लिहिले. महानुभाव पंथाच्या पोथ्या ज्या सांकेतिक लिपीत कुलूपबंद होत्या, ती लिपी उलगडली. शहाजीराजांच्या पदरचा कवी जयराम पिंड्ये याचा ‘राधामाधवविलासचंपू’ १९२२ साली संपादित केला आणि त्याच्या प्रस्तावनेत शहाजीराजांना त्यांची योग्यता परत मिळवून दिली. गावांची नावे, आडनावे, धातू, व्युत्पत्ती, लग्नसंस्था, जिथे हात घालतील तिथे ते तळापर्यंत खणत. लग्नसंस्थेवरच्या त्यांच्या लेखांनी तर सनातनी मंडळींची झोप उडवली.

स्थानिक इतिहासाची आवड असलेल्यांनी १९२४ साली त्यांनी काढलेली ‘महिकावतीची बखर’ जरूर पाहावी. महिकावती म्हणजे ठाणे-पालघरकडचे केळवे-माहीम. उत्तर कोकणातल्या एका पट्ट्याची, तिथल्या बिंब राजांची आणि त्यांच्याबरोबर आलेल्या कुळांची ही हकीकत. तिचा जुना भाग शके १३७०, म्हणजे इसवी सन १४४८ इतका मागे जातो. बखरीवर विश्वास ठेवू नका म्हणणाऱ्या माणसाने एक बखरच संपादित करावी, याची गंमत वाटते. पण त्यांनी ती पारखून घेतली, आणि एवढ्याशा भूभागाची कहाणीही साऱ्या महाराष्ट्राच्या प्रश्नांना हात घालू शकते, हे लांबलचक प्रस्तावनेत दाखवून दिले.

आता दुसरी बाजूही मांडली पाहिजे, नाहीतर ताळेबंद पुरा होणार नाही. राजवाडे कोपिष्ट होते. मतभेद झाला की स्नेह तुटायला वेळ लागत नसे. ज्या मंडळाला जन्म दिला, त्याच्याशीही त्यांचे बिनसले. व्युत्पत्ती करताना ते कधी इतके वाहवत जात, की पुढच्या अभ्यासकांना त्यांतल्या पुष्कळ सोडून द्याव्या लागल्या. संतांविषयी ते कडवट लिहीत. जातींविषयीची त्यांची काही मते आज वाचवत नाहीत, आणि त्यांच्या काळातही ती अनेकांना दुखावून गेली. ज्या ज्ञानेश्वरीच्या प्रतीवर एवढी मेहनत घेतली, ती मूळ प्रतही आज अभ्यासाला उपलब्ध नाही. या गोष्टी झाकायचे कारण नाही. कागदाला कागद म्हणून सामोरे जा, हेच ते सांगत आले. त्यांच्या चरित्रालाही तोच नियम लावायला हवा.

अखेरच्या काळात त्यांनी धुळे जवळ केले. समर्थ वाङ्मयासाठी आयुष्य वाहिलेले शंकर श्रीकृष्ण देव तिथे होते, कामाची किंमत जाणणारी माणसे होती. ३१ डिसेंबर १९२६ रोजी तिथेच राजवाड्यांचे देहावसान झाले. मागे ना घर, ना संसार, ना शिल्लक. होते ते कागदांचे गठ्ठे, टिपणे, अपुरे कोश. धुळेकरांनी त्यांच्या नावाने मंडळ काढले, तो ठेवा सांभाळला, त्यांचा धातुकोश मागाहून छापला. मी त्या रविवारी ज्या पायऱ्या चढलो, त्या याच मंडळाच्या.

एवढे सगळे माहीत असूनही माझ्या हातून जे घडले, ते आता सांगतो.

आमचे गाव सातारा जिल्ह्यातले. घराण्याकडे कुळकर्ण होते. १९५० च्या कायद्याने वतने गेली आणि त्याबरोबर घरोघरच्या दप्तरांची किंमतही गेली. ज्या कागदांसाठी भाऊ भावाशी बोलत नव्हता, ते एकाएकी अडगळ झाले. त्याआधी १९४८ च्या जाळपोळीत कित्येक वाड्यांबरोबर दप्तरे जळाली होती. जी वाचली ती पुढे निवांतपणे रद्दीत गेली. १९९४ साली आमचा वाडा विकला तेव्हा माळ्यावरून मोडी कागदांची एक लोखंडी पेटी निघाली. रजा दोनच दिवसांची होती. खरेदीखत, वाटणी, सह्या, सगळे उरकायचे होते. चुलतभावांनी विचारले, हे काय करायचे? मी घड्याळ पाहिले आणि रद्दीवाल्याला बोलावले. तराजूवर सव्वीस किलो भरले. पाच वर्षे धुळ्याच्या मंडळात जाऊन येऊन राजवाड्यांचे खंड वाचलेला माणूस मी! हा आकडा मी कुणाला सांगत नसे. आज सांगितला.

त्यातला एकच रुमाल वाचला, तोही माझ्यामुळे नव्हे. देवांच्या पाटाखाली उंची द्यायला आत्याने तो केव्हाच काढून घेतला होता. तीन वर्षांपूर्वी आत्या गेली आणि पाटासकट तो माझ्याकडे आला. ओळखीतल्या एका निवृत्त शिक्षकांना मोडी उत्तम येते. त्यांनी आठ दिवस खपून बाळबोधीत उतरवून दिले. बहुतेक किरकोळ पावत्या होत्या. एक कागद मात्र शके १७२५ चा, म्हणजे १८०३-०४ चा निघाला. होळकरी धुमाकुळानंतर देशावर जो भीषण दुष्काळ पडला, त्याच वर्षांतला. गावातल्या एका घराने आमच्या पूर्वजाकडून दीड खंडी जोंधळा घेतला आणि त्याबदल्यात विहिरीकाठचे शेत गहाण ठेवले, असा मजकूर.

ते शेत म्हणजे आमच्या घराण्याचा अभिमान. छत्रपतींच्या कृपेने इनाम मिळाले, असे आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. सोडवून नेल्याची पावती रुमालात नाही. नसेलच असे नाही, ती त्या सव्वीस किलोंत गेलेलीही असू शकेल. पण गहाणवट ओळखायला मला कुणी शिकवायला नको. आणि ज्यांनी गहाण ठेवले, त्या घराचे वंशज आजही गावात राहतात.

चुलतभावांचे म्हणणे, की आता हे उकरून काय मिळणार? शेत कधीच विकले गेले, सगळी मुले शहरात, गावात चार माणसे मान देतात तेवढा तरी राहू द्या. माझ्या मुलीने सुचवले, की यावर कादंबरी लिहा. मोह झाला, खोटे कशाला बोलू? पण कादंबरीत मी आमच्या पूर्वजाला थोडा प्रेमळ केला असता, समोरच्या घराला थोडे उधळे ठरवले असते. लेखकाचा हात असा आपोआप वळतो. बखर होते ती अशीच. राजवाड्यांनी ज्या गोष्टीशी आयुष्यभर भांडण मांडले, तीच मी माझ्या घरापासून सुरू केली असती.

अलीकडे गावोगावची इतिहासाची पुस्तके निघतात. कुणी निवृत्त शिक्षक, कुणी तलाठी, कुणी टपाल खात्यातले गृहस्थ पदरचे पैसे घालून आपल्या गावाचा, पंचक्रोशीचा, घराण्याचा इतिहास छापतात. कागद साधा, मुद्रणदोष भरपूर, सुरुवातीला पाहुण्यांचे फोटो. आपण ती चाळून बाजूला ठेवतो. मी मात्र ती विकत घेतो. कारण अशा पुस्तकात एखादे पान असे असते, की ते दुसऱ्या कुठल्याही ग्रंथालयात सापडणार नाही: देवळाच्या दीपमाळेवरचा लेख, विहिरीच्या पाळीचा तंटा, पटकीच्या साथीत गेलेल्यांची नावे. अडचण एकच असते. यातल्या बऱ्याच पुस्तकांत घराणी सगळी शूर, पूर्वज सगळे दानशूर आणि जमीन सगळी इनामाची. दुष्काळात कोण कोणाच्या दाराशी गेले, हे पान फाडलेले असते.

आमच्या गावातही असे एक पुस्तक घडते आहे. ते करणारे तरुण शिक्षक गेल्या महिन्यात माझ्याकडे आले होते. घरी काही जुने कागद आहेत का, असे त्यांनी अदबीने विचारले. मी चहा सांगितला, आणि कागद आहेत असे म्हणायला मला चहा संपेपर्यंत वेळ लागला. दारात उभ्या असलेल्या राजवाड्यांना नाही म्हणणारी सारी घरे त्या अर्ध्या तासात मला समजली.

त्यांना मी छायाप्रत दिली. मूळ रुमाल संशोधन मंडळाकडे द्यायचा, असे ठरवले आहे. भावांना तसे पत्राने कळवले, एकाचे उत्तर आले, एकाचे अजून नाही. गहाण ठेवणाऱ्या घरी मात्र मला स्वतःच जायचे आहे. पुढच्या आठवड्यात गावची यात्रा आहे. बाळबोधीत उतरवलेली एक प्रत पिशवीत घालून ठेवली आहे.

वाचकहो, आपल्याही घरी माळ्यावर एखादी पेटी असेल. रद्दीवाल्याला हाक मारण्याआधी ती एकदा उघडा. मोडी येत नसेल तर वाचणारे अजून आहेत, शिकवणारेही आहेत. सव्वीस किलोंचा भाव मला तेव्हा किती मिळाला, ते आता आठवतसुद्धा नाही.